उडालं की नाही उडालं?

दुपारी महाडला सावित्रीच्या काठी उभे राहा आणि पोलादपूरच्या डोंगरांकडे पाहा. तापलेल्या कातळावरून हवा वर चढते, तिच्यावर घार पंख न हलवता वर जाते. पण तिची दुभंगलेली शेपटी बघा! क्षणभर स्वस्थ नाही. कधी डावीकडे पिळते, कधी उजवीकडे.

असंच उडण्याचं वेड माणसालाही होतं. मुंबईच्या शिवकर बापूजी तळपदे यांनी १८९५ साली चौपाटीवर विमान उडवलं, असं आपण लहानपणापासून ऐकतो. त्या दिवसाचा तेव्हाचा भरवशाचा पुरावा मात्र अजून सापडलेला नाही. तरीही जगात कुणी इंजिनाच्या बळावर धड उडालेलं नसताना हा माणूस विमानाच्या ध्यासाने झपाटला, हे मला त्या दंतकथेहून मोठं वाटतं.

असाच वाद फ्रान्समध्ये रंगला, फक्त तिथे कागद होते. क्लेमाँ आदेर हा अभियंता ९ ऑक्टोबर १८९० रोजी वाफेच्या इंजिनावर चालणाऱ्या यंत्रातून सुमारे पन्नास मीटर गेला, जमिनीपासून जेमतेम वीतभर वर. वटवाघळासारखे पंख आणि पुढे पंखा! पुढच्या यंत्रासाठी युद्धखात्याने पैसे दिले. १४ ऑक्टोबर १८९७ ला सातोरी इथे सेनाधिकाऱ्यांसमोर चाचणी झाली. वाऱ्याने यंत्र मार्गावरून ढकललं आणि ते मोडलं. लष्कराने हात आखडता घेतला. १९०६ मध्ये आदेर म्हणू लागले, त्या दिवशी मी तीनशे मीटर उडालो होतो. १९१० मध्ये लष्कराने गुप्त अहवाल उघडला. त्यात असं उड्डाण नव्हतंच.

आता गंमत ऐका. आदेरच्या पहिल्या यंत्राची ताकद वीसेक अश्वशक्ती होती, राइट बंधूंची १९०३ मध्ये फक्त बारा. मग कमी ताकदीचे जिंकले कसे? बैल दांडगा, पण वेसण नाही, अशी आदेरची गत होती. यंत्र उचललं जाई, सावरलं जात नसे. राइटांनी पंखच पिळायची सोय केली. घार शेपटीने करते तेच!

पण आदेरना खोटारडा म्हणून सोडून देऊ नका. १९०९ मध्ये त्यांनी लष्करी विमानविद्येवर पुस्तक लिहिलं आणि त्यात एक जहाज कल्पिलं: सपाट, मोकळं डेक, खाली विमानं ठेवायची जागा, वर आणायला लिफ्ट. तोवर जहाजावरून एकही विमान उडालं नव्हतं. नऊच वर्षांनी, १९१८ मध्ये, ब्रिटिशांचं ‘आर्गस’ तसंच सपाट डेक घेऊन नौदलात दाखल झालं. आदेर तेव्हा हयात होते.