यंत्रमानव आणि माणसाचा विश्वास : गैरसमज आणि वस्तुस्थिती

यंत्रमानव एक दिवस माणसाविरुद्ध उठाव करतील, ही भीती कारेल चापेक या चेक लेखकाने १९२० मध्ये नाटकातून रंगवली आणि पुढे चित्रपटांनी ती जिवंत ठेवली. विद्यापीठांच्या प्रयोगशाळांतील एक मोठी काळजी मात्र याच्या नेमकी उलट आहे. माणूस आणि यंत्रमानव परस्परांच्या सहवासात कसे वागतात याचा अभ्यास करणारी ‘मानव-यंत्रमानव आंतरक्रिया’ ही ज्ञानशाखा अभियांत्रिकी आणि मानसशास्त्र यांच्या सीमेवर वाढली असून, माणूस यंत्रावर गरजेपेक्षा अधिक विश्वास टाकतो, असे तिच्यातील काही प्रयोगांतून दिसून आले आहे.

चुकणाऱ्या यंत्रावरचा विश्वास लगेच उडतो, असा सर्वसाधारण समज आहे. अटलांटा येथील जॉर्जिया टेक या विद्यापीठातील संशोधकांनी २०१६ मध्ये प्रसिद्ध केलेल्या एका प्रयोगाने तो डळमळीत केला. त्यात एक यंत्रमानव सहभागी व्यक्तींना एका खोलीपर्यंत घेऊन जात असे आणि निम्म्या जणांच्या बाबतीत तो वाटेत मुद्दाम चुकवला जाई. त्यानंतर काही मिनिटांतच, पूर्वसूचना न देता, बाहेरचा मार्ग कृत्रिम धुराने भरून धोक्याची घंटा वाजवली जाई. ज्या दाराने ते आत आले होते ते जवळच असूनही आणि तिकडे जाणाऱ्या मार्गावर बाहेर पडण्याची खूण असूनही, सर्वच्या सर्व २६ जण यंत्रमानवाने दाखवलेल्या दुसऱ्याच दिशेने गेले. पुढच्या छोट्या चाचण्यांत, यंत्रमानवाने सामानाने अडवलेल्या अंधाऱ्या खोलीकडे बोट दाखवले, तेव्हाही काहींनी त्याचेच ऐकले. संकटकाळी अधिकाराने वाट दाखवणाऱ्याच्या मागे जाण्याची माणसाची सवय किती खोल आहे, हे यातून स्पष्टपणे दिसते आणि ते काल्पनिक बंडाच्या कथांपेक्षा कितीतरी अधिक गंभीरपणे घ्यायला हवे.

याच प्रयोगातील यंत्रमानव पडद्याआडून एक संशोधक चालवत होता, आणि इथे दुसरा गैरसमज येतो : प्रयोगात दिसणारा यंत्रमानव स्वतःच्या बुद्धीने वागतो, असे पाहणारा गृहीत धरतो. यंत्र स्वयंचलित असल्याचे भासवून ते लपलेल्या माणसाने चालवणे, या पद्धतीला ‘विझर्ड ऑफ ऑझ’ पद्धत म्हणतात. अजून तयार न झालेल्या क्षमतेला माणसे कसा प्रतिसाद देतील हे आधीच तपासता यावे, यासाठी ती वापरतात आणि शोधनिबंधात तशी नोंद करणे अपेक्षित असते.

जो यंत्रमानव भावना दाखवतो त्याला त्या जाणवतात, हा समजही असाच तपासून पाहण्याजोगा आहे. मॅसॅच्युसेट्स इन्स्टिट्यूट ऑफ टेक्नॉलॉजीमध्ये सिंथिया ब्रझील यांनी १९९०च्या दशकाच्या अखेरीस घडवलेल्या ‘किस्मत’ या यंत्रमुखाला भुवया, कान आणि ओठ हलवता येत. बोलणाऱ्याच्या सुरातून कौतुक, मनाई किंवा दिलासा ओळखण्याची सोय त्यात होती, पण शब्दांचा अर्थ त्याला कळत नव्हता आणि त्याचे स्वतःचे बोलणे ही निरर्थक ध्वनींची मालिका होती. तरीही माणसे त्याच्याशी आळीपाळीने संवाद साधत, कारण समोरच्याच्या चेहऱ्यावरून मन वाचण्याची क्षमता माणसाकडे होती आणि रचनाकाराने तिचाच आधार घेतला होता.

यंत्रमानव जितका माणसासारखा तितका तो आवडता, हेही खरे नाही. जपानी अभियंते मासाहिरो मोरी यांनी १९७० मध्ये असे मांडले की साम्य वाढता वाढता एका टप्प्यावर आपुलकीची जागा अचानक अस्वस्थता घेते. मात्र हे त्यांचे अनुमान होते, मोजमापांतून काढलेला निष्कर्ष नव्हता.

उरतो तो सुरक्षिततेचा प्रश्न. आयझॅक असिमोव्ह यांनी १९४२ मध्ये एका कथेत मांडलेले तीन नियम प्रत्यक्ष यंत्रमानवांत बसवलेले असतात, असे अनेकांना वाटते. वास्तवात माणसाशेजारी काम करणाऱ्या औद्योगिक यंत्रमानवांसाठी २०१६ मध्ये आलेल्या आंतरराष्ट्रीय तांत्रिक निर्देशांत, जर्मनीतील माइन्झ विद्यापीठात माणसांवर घेतलेल्या वेदनेच्या मोजमापांच्या आधारे, शरीरावरील २९ ठिकाणी किती दाब चालेल याच्या मर्यादा दिलेल्या आहेत. धक्क्याची मर्यादा अशी आकड्यांत बांधता आली; विश्वासाची तशी मर्यादा अजून कोणत्याही मानकात नाही, म्हणून यंत्रमानवाचे प्रात्यक्षिक पाहणाऱ्याने तो कोण चालवत आहे आणि तो कुठे चुकतो, हे दोन प्रश्न अवश्य विचारावेत.