स्वतःचाच पूर्वज असलेली संस्था

आयझॅक असिमॉव्ह यांच्या 1955 साली प्रसिद्ध झालेल्या ‘द एंड ऑफ इटर्निटी’ या कादंबरीत, कालप्रवाहाबाहेर राहून शतकाशतकांचा कारभार पाहणारी आणि मानवहिताच्या नावाखाली इतिहासात बेमालूम फेरफार करणारी ‘इटर्निटी’ ही संस्था कल्पिलेली आहे. तिचे अस्तित्व चोविसाव्या शतकातील मॅलन्सोन याच्या शोधावर अवलंबून असते. परंतु त्या शोधास आवश्यक असलेले गणित पुढील काळात सिद्ध झालेले असल्यामुळे, संस्थाच कूपर नावाच्या उमेदवारास ते पढवून भूतकाळात रवाना करते, आणि अखेरीस मॅलन्सोन म्हणून इतिहासात ज्याची नोंद होते, तो हा कूपरच ठरतो.

पित्याच्या जन्मापूर्वीच पितामहाचा वध करणाऱ्या प्रवाशाच्या प्रसिद्ध कोड्यात कार्य आपल्याच कारणाचा उच्छेद करते. येथे मात्र कार्यच कारणास जन्म देते. या वर्तुळात तार्किक विरोध नाही, तथापि ते मुळात का अस्तित्वात यावे, याचे उत्तर त्याच्या आत सापडत नाही. आणि म्हणूनच, कथानायक हार्लन सूडबुद्धीने कूपरला विसाव्या शतकात धाडतो तेव्हा संस्थेचा संपूर्ण डोलाराच धोक्यात येतो.