मोटारीच्या ब्रेकची नळी

मोटार चालते कशी, हे पुष्कळांना थोडेफार ठाऊक असते. पेट्रोल लागते, इंजिन लागते, चाके फिरतात. पण धावती मोटार थांबते कशी? पाय दाबला की थांबते, असे आपण म्हणतो. पण पाय असतो ड्रायव्हरचा, पुढच्या सीटपाशी. मागचे चाक असते तिकडे सात-आठ फुटांवर. पायाचा जोर तिथवर नेतो कोण?

तो नेते एक बारीक नळी. शिसपेन्सिलीपेक्षाही बारीक. गाडीखाली चिखलात, धुळीत, पाण्यात ती वर्षानुवर्षे पडून असते. तिच्याकडे कुणी बघत नाही. मीही बघत नव्हतो.

२००७ सालची मे महिन्यातली गोष्ट. कऱ्हाडचे लग्न आटोपून आम्ही पाच जण जुन्या ॲम्बॅसडरमधून चिपळूणला परत येत होतो. कुंभार्ली घाट उतरायला लागलो. मी पुढे बसलो होतो. एका वळणाआधी ड्रायव्हरने ब्रेक दाबला आणि त्याचा पाय सरळ तळाला जाऊन टेकला. पोकळ. त्याने पुन्हा दाबला. पुन्हा तळाला. तो काही बोलला नाही, पण त्याच्या कपाळावरचा घाम मला दिसला. माणूस जुना होता, म्हणून निभावले. त्याने एकेक करून खालचा गिअर टाकला, हँडब्रेक बेताबेताने ओढला आणि गाडी डोंगराच्या बाजूला मातीत घासत नेली. मडगार्ड चेपले. मागे बसलेल्या बाईंच्या कपाळाला खोक पडली. पण दरीत गेलो नाही.

खाली वाकून पाहिले तर मागच्या चाकांकडे जाणारी नळी चिरली होती आणि तेल रस्त्यावर सांडले होते. दोन वर्षांपूर्वी एका गॅरेजात ती गंजलेली निघाली होती. तिथल्या मिस्त्रीने गंजलेला भाग कापला आणि मध्ये तांब्याच्या नळीचा तुकडा जोडला. फ्रिजमध्ये असते ना, तसली नळी. दिसायला लखलखीत. गाडीवाल्याचे थोडे पैसे वाचले. तो तुकडा नेमका घाटात तडकला.

आता तुम्ही म्हणाल, नळी मागे तडकली, मग पुढच्या चाकांचा ब्रेक का लागला नाही? याचे उत्तर कळले की सगळे कळले.

ब्रेकचा पाय दाबला की मास्टर सिलेंडर नावाच्या भांड्यातला दट्ट्या पुढे सरकतो. डॉक्टरांची सुई असते ना, तसाच दट्ट्या. त्याच्या पुढे तेल भरलेले असते. तेल चेपले जात नाही. एका टोकाला दाबले की तेवढाच दाब दुसऱ्या टोकाला लागतो, आणि सगळीकडे सारखा लागतो. सतराव्या शतकात पास्कल नावाच्या फ्रेंच विद्वानाने हा नियम मांडला. नळीतून तो दाब चाकाशी पोचतो. तिथल्या छोट्या सिलेंडरमधले दट्टे बाहेर सरकतात, लाइनर ड्रमला घासतात आणि चाक थांबते.

पण कुठेही एक भोक पडले की तेल तिकडून निघून जाते. दाब तयारच होत नाही. जुन्या ॲम्बॅसडरमध्ये चारही चाकांना मिळून तेलाची वाट एकच. एका जागी फुटली की चारही चाकांचा ब्रेक गेला. अलीकडच्या गाड्यांत दोन वेगळ्या वाटा असतात, एक गेली तरी दुसरी थोडेफार थांबवते. जुन्या गाडीत हातात उरतो फक्त हँडब्रेक, कारण तो तेलावर चालत नाही, तारेने ओढला जातो.

हा दाब केवढा असतो, थोडा हिशेब करू. समजा, पायाने ३० किलोचा जोर दिला. पायाखालचा दांडा तरफेसारखा आहे, तो हा जोर पाचपट करतो. झाले १५० किलो. मास्टर सिलेंडरच्या दट्ट्याचे तोंड सुमारे ४ चौरस सेंटिमीटर धरा. १५० ला ४ ने भागले की दर चौरस सेंटिमीटरला ३७ किलोच्या वर दाब आला. मोटारीच्या टायरात असतो साधारण २ किलो. म्हणजे टायरच्या अठरापट! आणि पुढे पोर आडवे आले की माणूस ३० किलोवर थांबत नाही, अंगातला सगळा जोर लावतो. कच्ची नळी फुटायची ती अशाच वेळी. रोजच्या हळू ब्रेकला ती तग धरते, आणि सगळे ठीक आहे असे आपल्याला वाटते.

या नळीच्या भिंतीची जाडी असते जेमतेम पाऊण मिलिमीटर. त्यात गंज चढला तर उरते काय? आमच्या कोकणात खारा वारा आणि चार महिने पाऊस, त्यामुळे गंज लवकर धरतो. देशावर थोडा उशिरा, पण धरतोच. गंज कुठे बघायचा तेही सांगतो. जिथे क्लिपने नळी चासीला धरली आहे, त्या क्लिपच्या खाली. मागच्या आक्सावर, जिथे चिखल साठतो तिथे. आणि काळा डांबरी रंग फासलेला असेल तर त्याच्या आत. वरून रंग छान आणि आत पापुद्रे, असे फार असते. तारेच्या ब्रशने हलके घासून बघा. नुसता लाल डाग पुसला गेला तर ठीक. खड्डे दिसले, पापुद्रा निघाला, की ती नळी संपली. ओल दिसली तर गाडी तिथेच उभी ठेवा.

नळी आतूनही गंजते बरं का. ब्रेकचे तेल हवेतली ओल शोषून घेते. म्हणून दर दोन वर्षांनी जुने तेल काढून नवे भरावे.

आता नवी नळी कोणती घ्यायची? कारखान्यातून येते ती दुपदरी पोलादी नळी, वर जस्ताचा किंवा तसलाच थर. ती मजबूत आहे, स्वस्त आहे, सगळीकडे मिळते. बहुतेकांनी हीच घ्यावी. दुसरी तांबे-निकेलची. तिच्यात ९० भाग तांबे आणि १० भाग निकेल असते. ती गंजत नाही, हाताने सहज वाकते. परदेशात काही मोटार कंपन्या ती सत्तरच्या दशकापासून वापरत आल्या आहेत. महाग पडते आणि प्रत्येक दुकानात मिळत नाही. समुद्रकाठी राहणाऱ्याने मिळाली तर जरूर घ्यावी. स्टेनलेस स्टीलचीही असते, पण ती फार कडक. तिचे तोंड नीट बसवायला सराईत हात लागतो.

नुसत्या तांब्याची मात्र घेऊ नका. तांबे मऊ असते, म्हणून मिस्त्रीला सोपे जाते. पण गाडी सारखी थरथरते. तांबे असे हलत राहिले की हळूहळू कडक होते आणि मग तडकते. एखादी तार हातात घेऊन मागेपुढे वाकवून पाहा, शेवटी मोडते. आमच्या घाटातल्या नळीचे हेच झाले. तांब्याची आणि तांबे-निकेलची नळी दुकानात जवळजवळ ठेवली तर दुसरी जरा फिकट दिसते. पण रंगावर भरवसा ठेवू नका. ब्रेकसाठी हवी असे सांगा आणि पावतीवर नळीचे नाव लिहून मागा. लिहिलेले स्वतः वाचा.

माप बहुतेक जुन्या गाड्यांत ३/१६ इंच, म्हणजे ४.७५ मिलिमीटर. घोटाळा होतो तो नटांत. ॲम्बॅसडर मूळची इंग्लंडची मॉरिस, तिचे आटे इंचाच्या मापाचे. फियाटचे मिलिमीटरचे. ३/८ इंच आणि १० मिलिमीटर यांत फरक अर्ध्या मिलिमीटरएवढाच. चुकीचा नट एक-दोन फेरे जातो आणि मग अडतो. नवखा माणूस पाना लावून जोर करतो आणि पितळी आटे खाऊन टाकतो. नट पहिले तीन-चार फेरे बोटांनी फिरला पाहिजे. फिरला नाही तर तो त्या जागचा नव्हेच. जुना नट सोबत घेऊन दुकानात जावे, हे सगळ्यांत बरे.

नळी बदलायची तर पूर्ण बदला, एका जोडापासून दुसऱ्या जोडापर्यंत. मध्ये तुकडा घालू नका. आणि एक नळी गंजली असेल तर बाकीच्याही त्याच वयाच्या आहेत, हे ध्यानात ठेवा. चाकाजवळ रबरी नळी असते, तीही बघा. वाकवल्यावर भेगा दिसल्या की बदला. कधी कधी ती बाहेरून चांगली दिसते, पण आतून फुगून बंद होते. मग तेल जाते, परत येत नाही. ब्रेक सोडला तरी ते चाक धरलेलेच राहते आणि ड्रम तापतो.

काम सुरू करताना गाडी सपाट जागी घ्या, जी चाके जमिनीवर राहणार त्यांना दगड लावा, गाडी जॅकने उचला आणि खाली घोडी ठेवा. नुसत्या जॅकवर उभ्या गाडीखाली कुणीही जाऊ नये. जॅक घसरला की हाक मारायलाही वेळ मिळत नाही.

गंजलेला नट साध्या पान्याने काढू गेले की कोपरे झिजतात. ब्रेकच्या नटासाठी रिंगसारखा, एका बाजूला फट असलेला पाना मिळतो, तो वापरा. आदल्या दिवशी गंज सोडवणारे तेल मारून ठेवा. जुनी नळी शक्यतो न मोडता काढा. तीच तुमचा नमुना. वळणावळणाने सुतळी लावून लांबी मोजा आणि थोडी जास्त धरा.

नळी कापायला चाकाचा कटर घ्या. करवतीने कीस आत जातो, आणि तो कीस पुढे सिलेंडरचे रबर फाडतो. कापल्यावर आतली कड साफ करा. मग दोन्ही नट नळीत ओवा. हसू नका! तोंड फुलवून झाल्यावर नट खाली पडलेला दिसतो आणि केलेले काम पुन्हा कापावे लागते. चांगल्या चांगल्यांचे असे झाले आहे.

तोंड फुलवणे म्हणजे गॅरेजात ज्याला फ्लेअर मारणे म्हणतात ते. तेल थांबते ते या तोंडावर, आट्यांवर नव्हे. म्हणून आट्यांना टेप गुंडाळून उपयोग नाही. तोंड दुहेरी घडीचे हवे. एकेरी घडीला चीर पडते. काही गाड्यांत तोंड बुडबुड्यासारखे गोल असते. जुन्या नळीचे जसे असेल तसेच करा. वाकडे झाले, चिरले तर कापून टाका. आधी तुकड्यावर दोन-चार वेळा सराव करा. यंत्र नसेल तर नळी मापाने कापून नेऊन जाणत्या मिस्त्रीकडून तोंडे करून घ्या, त्यात कमीपणा नाही.

वळण देताना नळी एखाद्या गोल वस्तूभोवती हळू वाकवा. चेपली की ती गेली. ती सायलेन्सरच्या पाइपापासून दूर ठेवा, हलत्या भागाला लागू देऊ नका आणि जुन्या सगळ्या क्लिपा परत बसवा. सुटी लोंबणारी नळी थरथरून तुटते.

मग तेल. डब्यावर इंग्रजीत डी, ओ, टी अशी तीन अक्षरे आणि पुढे ३ किंवा ४ हा आकडा असतो. गाडीच्या पुस्तकात सांगितला असेल तो घ्या. नुसता ५ आकडा असलेले तेल वेगळ्या जातीचे, ते यात मिसळू नये. इंजिनाचे तेल तर चुकूनही नको. त्याने आतली रबरे फुगतात आणि सगळा ब्रेक बसतो. डबे सारखेच दिसतात, म्हणून वाचल्याशिवाय झाकण उघडू नका. ब्रेकचे तेल रंगावर सांडले तर लगेच पाण्याने धुवा, नाहीतर रंग उठतो.

नळीत शिरलेली हवा काढावी लागते. हवा चेपली जाते, सायकलच्या पंपाचे तोंड बोटाने दाबून बघा. दाब हवेतच मुरतो आणि ब्रेक मऊ लागतो. या कामाला दोघे लागतात. एक सीटवर, एक चाकाशी. सुरुवात सर्वांत दूरच्या चाकापासून, म्हणजे मागचे डावे. मग मागचे उजवे, पुढचे डावे, शेवटी पुढचे उजवे. चाकाच्या निपलला रबरी नळी लावून तिचे दुसरे टोक बाटलीतल्या तेलात बुडवा. खालचा म्हणतो, "दाब." वरचा सावकाश दाबतो आणि म्हणतो, "धरलाय." खालचा निपल उघडतो, तेल आणि बुडबुडे येतात. तो निपल बंद करतो, आणि मगच म्हणतो, "सोड." आधी सोडले तर हवा पुन्हा आत. बुडबुडे थांबेपर्यंत हेच. मधूनमधून वरच्या भांड्यातले तेल बघत जा, ते संपले तर सगळे पहिल्यापासून. बाटलीतले तेल परत भरू नका.

शेवटी एकाने पाय जोराने दाबून मिनिटभर धरावा आणि दुसऱ्याने प्रत्येक जोडावर कोरडे फडके फिरवावे. पाय हळूहळू खाली जात असेल किंवा फडके ओले झाले, तर गाडी हलवू नका. कोरडे असेल तर मोकळ्या सपाट जागी, चालीच्या वेगाने, एक हात हँडब्रेकवर ठेवून चार-सहा वेळा थांबवून बघा. दुसऱ्या दिवशी सकाळी पुन्हा खाली वाकून तेच फडके फिरवा.