मोटर बंद पडली आणि सिनेमा सुरू झाला

रात्रीचे दोन. नारायणगावजवळचा ऊस. शेतीची लाइट आलीय म्हणून एक बाप बॅटरी घेऊन पाणी भरायला निघालाय. उसात बिबट्या असू शकतो, हे जुन्नर-आंबेगावात कुणाला वेगळं सांगावं लागत नाही. आमच्या कॉलेजच्या शॉर्टफिल्मची गोष्ट एवढीच.

एडिटला बसलो आणि पहिली चूक केली. नेटवर फुकट मिळालेली व्हायोलिनं अख्ख्या सीनवर ओतली. सीन भारी वाटायला लागला, पण तो आपल्याकडचा राहिला नाही. भीती वाटायच्या आधीच संगीत ‘घाबरा’ म्हणून ओरडत होतं.

मग ‘फँड्री’ (2013) पुन्हा पाहिला. अजय-अतुल यांचं बालपण जुन्नर, राजगुरुनगर, शिरूर या आपल्याच भागात गेलेलं. ‘फँड्री’च्या प्रमोशनसाठी त्यांनी केलेलं गाणं गावोगावी वाजलं, पण प्रत्यक्ष सिनेमात ते नाहीच! सिनेमाचं पार्श्वसंगीत अलोकनंदा दासगुप्ता यांचं. पुढे ‘सेक्रेड गेम्स’ला संगीत देणाऱ्या त्याच. गाणं कितीही गाजलं तरी गोष्टीला नको असेल तर बाहेर ठेवायचं, हे तिथे कळलं.

आम्ही व्हायोलिनं काढून टाकली. मित्राच्या विहिरीवर रात्र काढली. फोनच्या माइकवर पायमोजा चढवला, म्हणजे वाऱ्याची फडफड कमी येते. स्टार्टरचा खटका, पाटातलं पाणी, उसाची सळसळ, लांबचं कुत्रं असं सगळं वेगवेगळं रेकॉर्ड केलं. प्रत्येक जागी एक मिनिट कुणीही न बोलता नुसती शांतताही घेतली. एडिटमध्ये दोन शॉट जोडताना तीच कामाला आली.

खरी गंमत मोटरची. आपली वीज 50 हर्ट्झची, त्यामुळे मोटरची घरघर साधारण 100 हर्ट्झला बसते. म्हणजे पांढरी पाचपेक्षा जराशी चढी. हार्मोनिअमचा सूर तिच्याशी जुळेना. शेवटी रेकॉर्डिंगच किंचित खाली ओढलं आणि खाली एकच खर्ज धरला. तंबोऱ्यासारखा. खर्च? शून्य. वेळ? तीन रात्री.

शेवटी बाप उसात शिरतो आणि मोटर अचानक बंद पडते. खर्जही तिथेच थांबतो. पुढची वीस सेकंदं फक्त रातकिडे.

फिल्म पहिल्यांदा दाखवली ती मित्राच्या वडिलांना, घरीच, लॅपटॉपवर. व्हायोलिनवाला कट पाहून ते ‘चांगलंय’ म्हणाले होते आणि चहाला उठले होते. या वेळी मोटर थांबली तसे ते एकदम ताठ बसले. नजर स्क्रीनवरून खिडकीकडे.

“लाइट गेली का रं?”

आम्ही कुणीच बोललो नाही. चहा मात्र त्या दिवशी गार झाला.