गाठ शिकवण्याची रीत

इ. स. १९४० च्या उन्हाळ्यात युरोपात मोठी उलथापालथ झाली. जून महिन्यात फ्रान्स जर्मनीला शरण गेला, आणि महासागरापलीकडील अमेरिकेला आपल्या संरक्षणाची काळजी वाटू लागली. विमाने, जहाजे, तोफा, दारूगोळा ह्या सर्वांची तेथे एकाएकी निकड उत्पन्न झाली. पैसा होता, पोलाद होते, कारखानेही होते. उणीव होती ती यंत्रे चालविणाऱ्या सरावलेल्या हातांची. त्यापूर्वीची जवळजवळ दहा वर्षे त्या देशात मंदीची गेली होती. लक्षावधी माणसे बेकार बसली होती. पुष्कळ जुन्या कारागिरांचा सराव मोडला होता आणि नव्या मुलांना हाताखाली घेऊन शिकविण्याची संधीच फारशी उरली नव्हती. आता शेतावर राबणारे, दुकानात माल विकणारे, पुढे तर कारखान्याची पायरी कधीही न चढलेल्या स्त्रिया, असे लोक यंत्रांपुढे येऊन उभे राहणार होते. त्यांना काम शिकवावयाचे कसे, आणि तेही थोड्या दिवसांत, हा प्रश्न होता.

तोवर कारखान्यांतून काम शिकण्याची एकच रीत बहुतेक ठिकाणी रूढ होती. नवख्याला एखाद्या जुन्या कामगाराच्या शेजारी उभे करावयाचे आणि ‘हा काय करतो ते पाहा’ असे सांगून मुकादमाने निघून जावयाचे. जुना कामगार आपल्या कामात गर्क. त्याला शिकविण्याची ना सवड, ना सवय. काही जणांना तर आपली खुबी दुसऱ्यास कळू नये असेच वाटे. आपल्याकडील सुतारशाळेत किंवा लोहाराच्या भात्याशी वर्षानुवर्षे बसलेल्या पोरांची स्थिती ह्याहून फारशी निराळी नव्हती. उस्तादाच्या हाताकडे टक लावून पाहावे, चुकले तर बोलणी खावी, आणि पाचसात वर्षांनी कधीतरी विद्या हाती यावी. शांततेच्या काळी हे खपून जाते. युद्ध दाराशी आले असता पाचसात वर्षे कोण थांबणार?

ऑगस्ट १९४० मध्ये अमेरिकन सरकारने ह्या कामासाठी एक खाते उघडले. ‘कारखान्याच्या आत प्रशिक्षण’ असा त्याच्या नावाचा अर्थ होता. चॅनिंग डूली हे त्याचे संचालक झाले आणि वॉल्टर डीट्झ हे त्यांचे साहाय्यक. दोघेही मोठ्या उद्योगांत कामगारांच्या शिक्षणाची व्यवस्था पाहिलेले अनुभवी गृहस्थ होते. त्यांच्यापुढे आलेली पहिली अडचण भिंगे घासणाऱ्या कारागिरांची होती. दुर्बिणी आणि तोफांचा नेम धरण्याची साधने ह्यांना अत्यंत अचूक घासलेली भिंगे लागतात. असे कारागीर आणखी ३५० हवे होते. आणि पक्का भिंगकारागीर तयार होण्यास पाच वर्षे लागतात, असे जाणते लोक सांगत होते.

डूली ह्यांच्या माणसांनी नवे कारागीर शोधण्याऐवजी आधी ते कामच निरखून पाहिले. भिंगकारागीर दिवसभर नेमके काय काय करतो, ह्याची त्यांनी टिपणे केली. तेव्हा असे आढळले की, त्याच्या कामाचे निरनिराळे वीस भाग पडतात. त्यांपैकी चौदा भाग असे, की जे थोडे शिकवून दुसऱ्या कोणासही करता येतील. खऱ्या कसबाचे भाग उरले सहा. कुशल माणसाने तेवढ्यांवरच लक्ष द्यावे, बाकीची कामे इतरांत वाटून द्यावी, आणि ते सहा भागही ओघाने जमतील तसे न शिकविता क्रमवार शिकवावे, असे ठरले. पाच वर्षांची मुदत काही महिन्यांवर आली. कामाची फोड करणे, म्हणजे त्याचे तुकडे मांडून प्रत्येक तुकडा पारखणे, हे ह्या पद्धतीचे पहिले अंग होय.

दुसरे अंग ह्याहून महत्त्वाचे आहे. ते समजण्यासाठी थोडे मागे जावे लागेल. पहिल्या महायुद्धाच्या वेळी, १९१७ साली, अमेरिकेतील गोद्यांना जहाजे बांधण्यासाठी कितीतरी पट अधिक कामगार लागले होते. त्या वेळी चार्ल्स ॲलन नावाच्या एका शिक्षकाने गोदीतील कामगारांना शिकविण्यासाठी चार पायऱ्यांची एक रीत बसविली होती. त्याने १९१९ साली त्यावर पुस्तकही लिहिले. डूली व डीट्झ ह्यांनी तीच रीत उचलली, घासूनपुसून अधिक सोपी केली, आणि ती सरळ कामगारांना नव्हे, तर मुकादमांना शिकविण्याचे ठरविले. ह्यातील हिशेब मोठा चतुर होता. सरकारने लाखो कामगारांस शिकवावयाचे म्हटले तर शिक्षक पुरे पडणार नाहीत. पण एका मुकादमाला शिकविण्याची हातोटी साधली, तर त्याच्या हाताखालची सगळी माणसे आपोआप शिकतील.

मुकादमांचा हा वर्ग अवघा दहा तासांचा असे: दोन दोन तासांच्या पाच बैठका. एका वेळी दहाच माणसे. आरंभी शिक्षक खिशातून विजेच्या तारेचा एक तुकडा काढी. दिव्याच्या धारकात तार बसविताना तिला एक विशिष्ट गाठ मारावी लागते; तार ओढली गेली तरी ताण गाठीवर पडावा, आतील स्क्रूंवर पडू नये, हा तिचा हेतू. आगीचा विमा उतरविणाऱ्यांच्या नावाने ती गाठ ओळखली जाते. शिक्षक एका मुकादमास पुढे बोलावी आणि ती गाठ कशी बांधावयाची ते नुसते तोंडाने सांगे: उजवे टोक मुख्य तारेच्या पुढून न्यावे, डावे टोक आपल्याकडे ओढून उजव्या टोकाच्या खालून व मुख्य तारेच्या मागून न्यावे, मग ते फासातून काढावे. हे वाचून तुम्हांला ती गाठ बांधता येईल काय? त्या मुकादमालाही येत नसे. मग शिक्षक दुसऱ्यास बोलावी, आणि एक अक्षरही न बोलता त्याच्यासमोर भराभर गाठ बांधून दाखवी. समोर उभे राहिल्यामुळे शिक्षकाचे डावे ते शिकणाऱ्याचे उजवे होई, आणि त्याचीही फजिती उडे. वीसवीस वर्षे यंत्रशाळा सांभाळलेली ही माणसे. परंतु एवढ्याशा तारेपुढे त्यांना नवख्याचा गोंधळ अंगावर घ्यावा लागे. कारखान्यात आपण एवढी वर्षे ‘सांगितले ना एकदा!’ किंवा ‘दाखवले ना एकदा!’ म्हणून ज्यांना झिडकारले, त्यांची बाजू त्यांना तेव्हा कळत असे. मला तर ही युक्ती सगळ्या व्यवस्थेतील सर्वांत मार्मिक वाटते.

त्यानंतर शिक्षक तीच गाठ तिसऱ्या माणसास चार पायऱ्यांनी शिकवी. पहिली पायरी तयारीची. शिकणाऱ्याच्या मनावरील दडपण दूर करावयाचे, त्याला ह्यातले आधी किती ठाऊक आहे ते विचारावयाचे, आणि त्याला समोर उभे न करता आपल्या बाजूस घ्यावयाचे, म्हणजे डाव्याउजव्याचा घोटाळा राहत नाही. दुसरी पायरी मांडणीची. एका वेळी एकच टप्पा सांगावयाचा आणि दाखवावयाचाही. प्रत्येक टप्प्यातील मर्म ठासून सांगावयाचे, आणि एका बैठकीत त्याला पेलेल तेवढेच द्यावयाचे. तिसऱ्या पायरीत शिकणारा स्वतः करून पाहतो. प्रथम तो मुकाट्याने करतो. मग पुन्हा करताना आपण काय करीत आहोत, कशासाठी करीत आहोत, हे तोंडाने सांगतो. चूक झाली तर तेथल्या तेथे सुधारावयाची. चौथ्या पायरीत त्याला एकट्याला कामावर सोडावयाचे. अडले तर कोणाकडे जावे ते मात्र आधी सांगून ठेवावयाचे, आणि वरचेवर चौकशी करीत ती हळूहळू कमी करावयाची. गाठ जमली नाही तर दोष शिकणाऱ्याचा नव्हे, शिकविणाऱ्याचा, असे ह्या वर्गात बजावले जाई.

‘मर्म’ म्हणजे काय, हे घरातल्या उदाहरणाने चटकन ध्यानात येईल. भाकरी करण्याचे टप्पे कोणीही सांगेल: पीठ मळावे, परातीत थापावे, तव्यावर टाकावे, वरून पाणी फिरवावे, उलटावे, शेकावे. परंतु एवढे ऐकून प्रथमच भाकरी करावयास बसलेल्या मुलाची भाकरी तव्यावर तडकते. पिठाची कोरडी बाजू वर यावी, तिच्यावर पाणी लगेच फिरवावे, आणि ते पाणी सुकत आले पण पुरते सुकले नाही अशा वेळी भाकरी उलटावी, हे त्यातील मर्म होय. आजीला ते इतके अंगवळणी पडलेले असते, की सांगावयाचे राहूनच जाते. कुशल कारागिराचे नेमके असेच होते. म्हणून मुकादमाने शिकविण्यापूर्वी आपल्या कामाचे टप्पे एका बाजूस आणि मर्मे दुसऱ्या बाजूस अशी कागदावर मांडावी, असा नियम होता. काम बिघडविणारे किंवा साधविणारे, शिकणाऱ्यास इजा करू शकणारे, अथवा काम हलके करणारे जे काही असेल ते मर्म समजावे.

ह्याला जोडून मुकादमांसाठी आणखी दोन अभ्यासक्रम होते. एकात कामाची पद्धत सुधारण्याचा विचार असे: हा टप्पा हवाच कशाला, दोन टप्पे एकत्र करता येतील काय, असे प्रश्न विचारावयाचे. दुसऱ्यात माणसांशी वागण्याचा विचार असे. काही घडले तर आधी खरी हकीकत गोळा करावी आणि मग निवाडा द्यावा, चांगल्या कामाबद्दल वेळीच शाबासकी द्यावी, बदल करावयाचा असेल तर तो ज्यांना सोसावा लागणार त्यांना अगोदर सांगावा, अशी त्यातील शिकवण होती.

सप्टेंबर १९४५ मध्ये, युद्ध संपताच, हे खाते बंद झाले. तोवर १६,५०० हून अधिक कारखान्यांत १६ लाखांवर प्रमाणपत्रे दिली गेली होती. आता खरा प्रश्न येतो: ह्याचा उपयोग किती झाला? ज्या कारखान्यांची शेवटी पाहणी झाली, त्यांतील दर शंभरांपैकी ८६ कारखान्यांत उत्पादन निदान चौथ्या हिश्श्याने वाढले होते. ५५ कारखान्यांत वाया जाणारा माल तितक्याच प्रमाणात घटला होता. आणि नवख्याला शिकविण्याचा वेळ तर पाहिलेल्या सर्वच ठिकाणी निदान चौथ्या हिश्श्याने कमी झाला होता. आकडे डोळे दिपविणारे आहेत. पण ते त्या खात्याने स्वतःच्याच कामाविषयी दिलेले आहेत, हे विसरून चालणार नाही. शिवाय युद्धकाळात नवी यंत्रे आली, मागणी वाढली, लोक जिवापाड राबले. तेव्हा उत्पादन वाढले ते शिकवणुकीने की ह्या इतर कारणांनी?

ह्याचा उलगडा करण्याची एक वाट पुढे सापडली. शिकवणूक मागणारे कारखाने पुष्कळ आणि शिक्षक थोडे, त्यामुळे अर्ज करूनही कितीतरी कारखान्यांना तिचा लाभ मिळाला नव्हता. अर्ज केलेल्या अशा अकरा हजारांहून अधिक कंपन्यांची जुनी कागदपत्रे संशोधकांनी तपासली, आणि शिकवणूक मिळालेल्या व न मिळालेल्या कंपन्या शेजारी शेजारी मांडून पाहिल्या. त्यांचा निबंध २०२२ साली प्रसिद्ध झाला. शिकवणूक मिळालेल्या कंपन्यांची कामगिरी सरस ठरली, आणि तो फरक निदान दहा वर्षे टिकला, असे त्यांना आढळले. एकाच जातीचे बी दोन वाफ्यांत पेरावे आणि एकालाच खत घालून पाहावे, तशीच ही परीक्षा होय.

अमेरिकेत खाते बंद पडले तरी रीत बंद पडली नाही. युद्धात होरपळलेल्या जपानने ती उचलली. टोयोटा मोटार कारखान्याने १९५० नंतरच्या वर्षांत ती आपल्या मुकादमांना शिकविली आणि आपल्या कामाच्या शिस्तीत मुरवून घेतली. आंतरराष्ट्रीय श्रमसंघटनेच्या साह्याने त्याच दशकात ती भारतातील कापडगिरण्यांतही आली.

परंतु कारखान्याचा लाभ आणि कामगाराचा लाभ ह्या दोन गोष्टी नेहमीच एक नसतात. नवखी माणसे चटकन कामास लागली, त्यांना मजुरी मिळू लागली, चुकीपायी होणारी इजा व अपमान टळले, हे खरे. तथापि वीस भागांपैकी एकच भाग शिकलेला माणूस भिंगकारागीर होत नाही. तो भाग एखाद्या यंत्राने करावयास घेतला, किंवा तो कारखाना बंद पडला, तर त्याच्या हाती काय उरते? युद्ध संपल्यावर सैनिक घरी परतले, लढाईच्या मालाची मागणी आटली, आणि यंत्रांवर उत्तम काम करणाऱ्या असंख्य स्त्रियांना घरी बसावे लागले. त्यांच्या कौशल्यात कोणी उणे काढले नव्हते. ते कौशल्य जेथे चालेल अशी जागा त्यांना मिळाली नाही.

ह्याच कारणाने पुष्कळ देशांत संपूर्ण धंदा शिकविण्याची निराळी सोय केलेली असते. भारत सरकारने १९५० साली कारागीर-प्रशिक्षणाची योजना सुरू केली. तिच्यातूनच आजच्या औद्योगिक प्रशिक्षण संस्था वाढल्या. तेथे जोडारी दोन वर्षे शिकतो. तो कानस चालवितो, मोजमाप घेतो, भोके पाडतो, नकाशा वाचतो, आणि त्यामुळे एका कारखान्याचे दार बंद झाले तर दुसऱ्याचे ठोठावू शकतो. संस्थेत शिकलेले कारखान्यातील यंत्रावर पडताळून पाहता यावे म्हणून १९६१ साली शिकाऊ उमेदवारांचा कायदा झाला. त्या कायद्यानुसार कारखान्यात उमेदवारीस लागलेला मुलगा किंवा मुलगी प्रमाणपत्राची तयारी करीत असतानाच यंत्राशी उभी राहते. त्या यंत्राचे टप्पे पुस्तकात सापडतात. त्याची मर्मे मात्र बहुधा शेजारच्या जुन्या कामगारालाच ठाऊक असतात.