दाखल्यांचं दशक

हैदराबाद संस्थान मोडलं तो १९४८ चा १७ सप्टेंबर. २०२२ पासून या तारखेची ओढाताण चालली आहे. केंद्राने 'मुक्ती दिन' म्हटलं, तेलंगण सरकारने 'राष्ट्रीय एकात्मता दिन'. तिथली सत्ता बदलली आणि 'प्रजा पालन दिन' आला. इकडे नांदेड-लातुरात नाव बदललेलं नाही, मानाच्या खुर्च्यांवर बसणारे स्वातंत्र्यसैनिक मात्र जवळजवळ संपले.

आसफजाहीची सव्वादोनशे वर्षं मला कधीच रमवू शकली नाहीत. फर्मानं, जहागिऱ्या, दिवाणांच्या अदलाबदली. थबकावं ते हदगावकडच्या नोव्ह्याला. जानेवारी १८१९ मध्ये नोवसाजी नाईकाच्या हटकरांनी आणि अरब शिपायांनी तिथली गढी निजामाच्या फौजेतल्या मेजर पिटमनच्या तोफांपुढे लढवली. पुढे निजामाविरुद्धचा १९३८ चा सत्याग्रह, १९४६ मध्ये बिलोलीजवळ अर्जापूरला मुक्तिलढ्याचे कार्यकर्ते गोविंदराव पानसरे यांची हत्या. निजामाच्या बाजूने लढणाऱ्या रझाकारांचा म्होरक्या कासीम रझवी तर लातूरचाच वकील. हे पाठ्यपुस्तकात चार ओळींत उरकतं, कारण पुण्या-मुंबईच्या लेखी स्वातंत्र्य १५ ऑगस्टलाच आलं. आमचे पुढचे तेरा महिने कुणाच्या हिशेबात?

तरी माझा राग त्यांच्यावर कमी, आमच्या नव्वदच्या दशकावर जास्त. तेव्हा मी लातुरात वार्ताहर होतो. १९९४ मध्ये नांदेडला लढ्याचे नेते स्वामी रामानंद तीर्थ यांच्या नावाचं विद्यापीठ झालं, १९९८ मध्ये मुक्तीचा सुवर्णमहोत्सव. लढ्याच्या छावण्यांतली माणसं हयात होती, पण भेटायची तहसीलच्या व्हरांड्यात, सन्मान निवृत्तीवेतनाची फाईल काखेत मारून.

उदगीरकडच्या एका म्हाताऱ्याने मला शिंदी कशी तोडायची ते सांगितलं. बुंध्याच्या नादी लागायचं नाही, रात्र पुरत नाही. वर चढून शेंडा उडवायचा. शेंडा गेला की शिंदी पुन्हा फुटत नाही. झाड मेलं की शिंदीच्या दारूवरचा निजामाचा अबकारीचा पैसा बुडाला. त्याच्या अर्जावर शेरा पडला: पुरावा अपुरा. दाखला देणारा छावणीप्रमुख केव्हाच वारला होता. उलट, १९४८ मध्ये ज्यांना धड चड्डीची नाडी बांधता येत नव्हती, असे कित्येक 'भूमिगत' निघाले. बीडच्या बनावट स्वातंत्र्यसैनिकांचं प्रकरण तर सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलं.

सुवर्णमहोत्सवात मांडव आले, हार आले, कर्णे आले. एक टेपरेकॉर्डर घेऊन गावोगाव फिरायचं कुणाच्या डोक्यात आलं नाही. मी एका समितीत हे सुचवलं, तर "स्मरणिकेत घेऊ" म्हणाले. स्मरणिकेत पुढाऱ्यांचे फोटो आणि साखर कारखान्यांच्या जाहिराती.

म्हणून आज ज्याला जे हवं ते तो या लढ्याच्या तोंडी घालतो. हिंदू-मुसलमान झगडा म्हणून सांगणाऱ्याला शोएबुल्ला खान अडचणीचा वाटतो. 'इमरोज'चा हा संपादक विलीनीकरणाच्या बाजूने लिहीत होता. ऑगस्ट १९४८ मध्ये हैदराबादेत त्याला मारलं. ३० जानेवारी १९४८ ची उमरी बँकेची लूट भाषणांत अजून गाजते, कारण तिथे आकडा होता, लाखांचा. निजामाचे करोडगिरी (जकात) नाके जाळणाऱ्यांची, शेंडे उडवणाऱ्यांची नावं मागायला आता जावं कुणाकडे? त्यांच्या नातवांकडे अर्ज नामंजूर झाल्याचं पत्र तेवढं सापडतं.