वावळाचे परदेशी भाऊबंद

उन्हाळ्यात पापडीसारख्या गोल, चपट्या बिया वाऱ्यावर उडत आल्या, की जवळपास वावळ आहे असे समजावे. हा आपल्याकडचा एल्म. रॉक्सबर्गने त्याला एल्मच्याच वंशात घातले होते, १८४८मध्ये प्लांशाँने वेगळे काढले.

युरोपात पिवळ्या पानांचे, झुकत्या फांद्यांचे शोभेचे एल्म बागवानांनी कलमे करून जपले. बियांतून ते जसेच्या तसे येत नाहीत. १९६०च्या दशकाअखेर सालीतल्या भुंगेऱ्यांनी एक बुरशी पसरवली आणि ब्रिटनमधले अडीच कोटींहून अधिक एल्म वाळले. शोभेच्या काही जाती आता फक्त जुन्या रोपवाटिकांच्या यादीत सापडतात. कलम करणारा थांबला, की जात संपली. जळगावच्या केळीवाल्याला हे वेगळे सांगायला नको. बसराईचे कंद मागे पडले आणि शिवारे ग्रँड नैनच्या टिश्यूकल्चर रोपांनी भरली.

रोगाला तोंड देणारे एल्म घडवताना डच संशोधकांनी हिमालयातल्या एल्मशी संकर केला. तो एल्मच आज चाऱ्यासाठी छाटला जाऊन धोक्यात आहे.

वावळ मात्र बियांपासून सहज उगवतो. फक्त त्याचे पराग वाऱ्यावर पसरतात आणि काहींना शिंका, दमा होतो. म्हणून तो खिडकीशी नको, बांधावर लावावा.